लग्नातल्या शुभेच्छा वहीसाठी झटपट फोटो: वाचकांचे प्रश्न

प्रश्न: मे महिन्यात सोलापूरला बहिणीचं लग्न आहे. स्वागत समारंभाला साडेतीनशे माणसं येतील. प्रत्येक पाहुण्याचा फोटो जागेवरच काढून शुभेच्छा वहीत लावायचा आहे. इन्स्टॅक्स मिनी १२ हा जागेवरच फोटो छापून देणारा कॅमेरा घेतला तर फिल्म किती लागेल? व्यवस्था कशी ठेवावी?

उत्तर: प्रत्येकाचा नको, घरटी एक फोटो काढा. साडेतीनशे माणसं म्हणजे साधारण ९० ते १०० घरं. एका पॅकमध्ये १० फोटो निघतात. काही फोटो बिघडणारच, शिवाय नवरा-नवरीचे चार-दोन लागतील. म्हणून १२ पॅक आणा. कॅमेरा एकदाच घ्यायचा असतो (ओळखीत कुणाकडे असला तर मागूनही आणता येतो), खरा खर्च फिल्मचा आहे. तेव्हा कॅमेरा पाहुण्यांच्या हातात देऊ नका. घरातल्या एकाच माणसाने आदल्या दिवशी पाच-सहा फोटो काढून हात बसवावा आणि समारंभात त्यानेच काढावेत.

गर्दी फोटोमुळे तुंबत नाही, लिहिण्यामुळे तुंबते. फ्लॅश सात-आठ सेकंदांत तयार होतो, फोटो दीड-दोन मिनिटांत उमटतो, पण काय लिहावं हा विचार करण्यात एकेक कुटुंब पाच मिनिटं घेतं. बांधलेली वही असली की एका वेळी एकच जण लिहू शकतो. त्याऐवजी ए-५ आकाराच्या जाड कागदाची सुटी पानं ठेवा, चार पेनं आणि चार खुर्च्या मांडा, आणि लग्नानंतर पानं बांधून घ्या. फोटो ८६ × ५४ मिलिमीटरचा असतो, त्यामुळे पानावर लिहायला भरपूर जागा उरते. टेबल स्टेजवरून उतरल्यावर आणि जेवणाच्या आधी लागेल असं मांडा. जेवून आलेल्या हातांना तेल-तूप असतं, त्याचे डाग फोटोच्या पांढऱ्या कडेवर लगेच दिसतात.

मे महिन्यातलं सोलापूर म्हणजे ऊन हीच मोठी अडचण. ही फिल्म ५ ते ४० अंश सेल्सिअसमध्ये नीट चालते, त्यावर रंग बिघडतात. गाडीच्या डिकीत फिल्म ठेवू नका, कार्यालयातल्या थंड खोलीत ठेवा. फ्रिजमध्ये ठेवली असेल तर काही तास आधी बाहेर काढा आणि तोवर पाकीट फोडू नका, नाहीतर आत दव धरतं.

पॅक भरताना त्याची पिवळी रेघ कॅमेऱ्यातल्या पिवळ्या खुणेशी जुळवा. पॅकच्या पाठीवरच्या दोन चौकोनी भोकांवर बोट दाबू नका. मागचं झाकण बंद करून शटर दाबलं की आधी काळं आवरण बाहेर येतं आणि आकडा १० दिसतो. तो शून्यावर येईपर्यंत मागचं झाकण उघडायचं नाही. चुकून उघडलं तर उजेड लागलेले फोटो पांढरे निघतात. दोन एए अल्कलाइन सेलवर साधारण १० पॅक चालतात, तरी दोन जोड्या जवळ असू द्या.

प्रश्न: साखरपुड्यात इन्स्टॅक्स मिनी १२ ने काढलेले काही फोटो पांढरेफटक आले, काहींत मागचं सगळं काळं, काही हललेले. कॅमेरा खराब आहे का?

उत्तर: बहुतेक नाही. फ्लॅश दर वेळी पडतो आणि त्याचा उजेड जेमतेम २.७ मीटरपर्यंत पोचतो. माणसं त्याच्या आत आणि पडदा चार मीटर मागे, म्हणून मागचं काळं. पाहुण्यांना पडद्यापासून एका हाताच्या अंतरावर उभं करा आणि तुम्ही सव्वा ते दीड मीटरवर थांबा. मागे आरसा किंवा चमचमता जरीचा पडदा नको, फ्लॅश उलटून येतो.

पांढरेफटक फोटो दोन कारणांनी येतात. एक तर फारच जवळून काढलेले, किंवा पुढच्या बाजूला असलेल्या उजेड मोजणाऱ्या छोट्या खिडकीवर बोट आलेलं. ती झाकली की कॅमेऱ्याला वाटतं अंधार आहे. कमी उजेडात शटर अर्ध्या सेकंदापर्यंत उघडं राहतं, तेव्हा फोटो हलतो. म्हणून कोपर अंगाला टेकवा आणि फोटो बाहेर येऊ लागेपर्यंत तसेच थांबा. चारपेक्षा जास्त माणसं असली तर कॅमेरा आडवा धरा.

आणखी एक. फोटो बाहेर येतो ती फट हाताने अडवू नका आणि फोटो ओढून काढू नका. फोटोच्या कडेच्या पिशवीतलं रसायन कॅमेऱ्यातले रूळ दाबून सगळीकडे पसरवतात, ते अडलं की पट्टे उमटतात. फोटो झटकायचा नाही, वाकवायचा तर नाहीच. पालथा ठेवून द्या.

प्रश्न: बिलाच्या कागदावर फोटो छापणारे लहान मुलांचे कॅमेरे फार स्वस्त मिळतात. ते चालतील?

उत्तर: हळदीला, मुलांच्या हातात द्यायला मस्त. वहीसाठी मात्र एकटे नकोत. त्यात शाई नसते. ५७ मिलिमीटर रुंदीच्या कागदावरचा लेप उष्णतेने काळा होतो, त्यातून काळा-पांढरा फोटो दिसतो. हाच फोटो ऊन, सॅनिटायझर, अत्तर, डिंक आणि प्लास्टिकच्या पाकिटामुळे खराब होत जातो. गरम लॅमिनेशन केलंत तर अख्खा कागद काळा पडेल. तरीही हाच कॅमेरा वापरायचा असेल तर आत मेमरी कार्ड घालायला विसरू नका. मूळ फोटो कार्डात राहतात. लग्नात पानावर त्या फोटोपुरती जागा सोडा आणि पुढच्या आठवड्यात स्टुडिओतून प्रिंट काढून तिथे लावा.

प्रश्न: इन्स्टॅक्सच्या फोटोवर कोणत्या पेनाने लिहावं? चिकटवावं कशाने?

उत्तर: बारीक टोकाचं परमनंट मार्कर घ्या. बॉलपेन गुळगुळीत कडेवर घसरतं, जेलची शाई हाताला लागते. मार्करलाही एक मिनिट वाळू द्या. चिकटवायला मागे दुहेरी चिकटपट्टीचे दोन तुकडे पुरतात. पांढऱ्या डिंकातल्या पाण्याने पान लाटेसारखं उठतं. या फोटोला निगेटिव्ह नसतं, हातात असते ती एकमेव प्रत. वही बांधायला देण्याआधी प्रत्येक पान खिडकीजवळच्या उजेडात, फ्लॅश बंद ठेवून, मोबाइलवर टिपून घ्या.