इतिहासावर चित्रपट करू पाहणाऱ्या मुलीच्या वडिलांस

सप्रेम नमस्कार.

आपले पत्र मिळाले. तुर्की दिग्दर्शक तोल्गा ओर्नेक यांचा ‘गेलिबोलू’ हा माहितीपट पाहिल्यापासून आपली कन्या अभियांत्रिकीचे तिसरे वर्ष अर्धवट सोडून इतिहासावर चित्रपट करायचे म्हणते, आणि यावर पोट भरेल का, ही आपली काळजी आहे.

तिने ज्यांना आदर्श मानले, त्यांचीच वाटचाल तिने बारकाईने पाहावी. आजच्या तुर्कस्तानातील प्राचीन हित्ती साम्राज्यावरील ओर्नेक यांचा माहितीपट २००३ मधला, ‘गेलिबोलू’ २००५ मधला. पडद्यावर नटांनी रंगवलेली ‘देव्रिम अराबालारी’ ही कथा आली ती त्यानंतर, २००८ मध्ये. पहिल्या महायुद्धातील १९१५ ची गॅलिपोलीची (तुर्कीत गेलिबोलूची) लढाई तुर्कांच्या अभिमानाचा विषय असूनही ओर्नेक यांनी तिचा पोवाडा केला नाही. तुर्की सैनिकांइतकीच ब्रिटिश, ऑस्ट्रेलियन आणि न्यूझीलंडच्या सैनिकांची पत्रे व रोजनिशा वाचून दोन्ही खंदकांतील माणसे समोर आणली. माझ्या मते कॅमेऱ्याआधीचे हे वाचन हाच त्यांच्या कामाचा पाया आहे.

‘देव्रिम अराबालारी’ तर तिने अवश्य पाहावा. १९६१ मध्ये तुर्कस्तानातील एस्कीशेहिर शहराच्या रेल्वे कारखान्यात अभियंत्यांनी अवघ्या साडेचार महिन्यांत ‘देव्रिम’ (क्रांती) ही देशी मोटारगाडी घडवली, पण राष्ट्राध्यक्ष जेमाल गुर्सेल बसलेले असताना ती पेट्रोल संपून थांबली, आणि लोकांच्या लक्षात तेवढेच राहिले. त्या अभियंत्यांचे कष्ट आपल्या कन्येला इतरांपेक्षा लवकर कळतील.

म्हणून तिने पदवी पूर्ण करावी. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधील पटकथा-दिग्दर्शनाच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमाला कोणत्याही शाखेची पदवी चालते, पण पदवी लागते. माहितीपटांचे उत्पन्न अनियमित असते, हे मी लपवणार नाही; सुरुवातीची वर्षे बहुधा संकलन आणि जाहिरातींच्या कामावर काढावी लागतात.

दरम्यान तिने मोडी शिकावी आणि एक विषय हाती घ्यावा. पहिल्या महायुद्धात आजच्या इराकमधील कुत-अल-अमारा येथे तुर्की सैन्याने वेढलेल्या, ब्रिटिशांच्या हिंदी फौजेतील सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये मराठा पलटणी होत्या, आणि २९ एप्रिल १९१६ च्या शरणागतीनंतर त्यांतले सैनिक तुर्कांचे युद्धकैदी झाले. त्यांच्या गावांत आज काय उरले आहे, हे शोधून तिने दहा मिनिटांच्या माहितीपटाची संहिता लिहावी आणि दिवाळीपर्यंत मला पाठवावी. ती वाचून मी आपणा दोघांशी सविस्तर बोलेन.