गळ्यातली गिटार

पोरी,

रविवारी तू गेलीस तेव्हा कपात निम्मा चहा तसाच होता. "काकू, गायला तर देतायत ना, मग गिटार त्याने वाजवली तर काय बिघडलं?" बँडमधली पोरं तुला नुसतं गायला सांगतायत म्हणून एवढं तू विचारलंस आणि मी काहीतरी गुळमुळीत बोलले. रात्री स्वतःचाच राग आला, म्हणून हे पत्र.

बिघडतं. गिटार उतरवू नकोस.

तुला गळा आहे, हात आहे, हे सांगण्यात शाई घालवत नाही. त्या तिघा पोरांनाही ते पक्कं ठाऊक आहे.

सिस्टर रोझेटा थार्प. चर्चची गाणी गिटार वाजवत गाणारी अमेरिकन बाई. तुझ्या फोनमध्ये हेंड्रिक्स, क्लॅप्टन असे गिटारवाले आहेत, ही बाई नाही. १९१५ साली अर्कान्सातल्या कॉटन प्लांट गावी जन्मली. आई मँडोलिन घेऊन प्रवचनं करत फिरायची आणि सहा वर्षांची ही तिच्याबरोबर गिटार घेऊन उभी राहायची. आपल्याकडे कीर्तनकाराची मुलगी टाळ घेऊन मागे उभी राहते ना, तशीच. फक्त ही मागे राहिली नाही. १९३८ मध्ये डेक्का कंपनीची पहिली रेकॉर्ड, न्यूयॉर्कचा कॉटन क्लब नावाचा नाइटक्लब आणि डिसेंबरात कार्नेगी हॉल. वय तेवीस! चर्चवाले भडकले. देवाचं गाणं दारू पिणाऱ्यांपुढे?

आता नीट वाच. ही काही तत्त्वांची पुतळी नव्हती. लकी मिलिंडरच्या बँडमध्ये चर्चमध्ये शोभणार नाहीत अशी गाणीही तिने गायली. पहिल्या नवऱ्याचं आडनाव थॉर्प, त्याचं थार्प झालं, तेच ठेवलं आणि नवरा सोडला. १९५१ मध्ये तर वॉशिंग्टनच्या बेसबॉल स्टेडियममध्ये स्वतःच्या लग्नाची तिकिटं विकली. वीस-पंचवीस हजार माणसं जमली. आणि लग्न लागल्यावर त्याच लग्नाच्या झग्यात इलेक्ट्रिक गिटार गळ्यात घालून ती वाजवायला उभी राहिली. बाई सगळीकडे वाकली गं. जागा, गाणं, श्रोते, सगळ्यात तडजोड केली. गिटार मात्र दुसऱ्याच्या हातात दिली नाही. मधला तुकडा, तुम्ही ज्याला सोलो म्हणता तो, तिचा तीच वाजवायची. चक बेरी, एल्विस हे सगळे रॉकवाले तिचं ऐकत वाढलेले.

१९६४ चा मँचेस्टरचा कार्यक्रम शोधून बघ. बंद पडलेलं रेल्वे स्टेशन, श्रोते रुळांपलीकडच्या फलाटावर, आणि पाऊस. एकोणपन्नास वर्षांची बाई, अंगात लांब कोट, पायात उंच टाचा, गळ्यात पांढरी गिब्सन गिटार. पाऊस बघून तिने बायबलमधल्या नोहाच्या पुरातल्या पावसाचं गाणं धरलं. गळा थांबला की तारा बोलतात, तारा थांबल्या की गळा. यातलं अर्धं काढून शेजारच्या पोराला दे बघू. काय उरतं?

माझं उरलं ते सांगते. १९८६, गणपतीचे दिवस. मी ऑर्केस्ट्रात लीड गिटार वाजवायचे, "बाई असून पुरुषासारखी वाजवते" हे ऐकून खूशही व्हायचे, मूर्ख. मालक म्हणाले, बाईच्या हातात माईक बरा दिसतो, साडीवर तो पट्टा कसातरीच वाटतो. दर कार्यक्रमाला पन्नास रुपये जास्त. मी दिली उतरवून. घरी धाकटीचं लग्न होतं, बाबांची नोकरी सुटलेली, मी नाही म्हणायला हवं होतं असं ज्याला वाटतं त्याने तेव्हा आमच्या घरी येऊन दूधवाल्याचा हिशोब बघायचा होता. आणि गायले मी बरी, वीस वर्षं गायले, लोक अजून ओळखतात. पण बोटांचे घट्टे दोन महिन्यांत गेले. रोज अंगठ्याने चाचपून बघायचे, एक दिवस लागलेच नाहीत.

तुझ्यावर लग्नाचं ओझं नाही, दूधवाला नाही. मग कुणासाठी उतरवतेस? "ते नाराज होतील" हे कारण मला परत सांगू नकोस. होऊ देत.

लगेच कोणी हार घालेल असंही नाही. रोझेटा १९७३ मध्ये फिलाडेल्फियात गेली, आणि तीस वर्षांहून जास्त काळ तिच्या थडग्यावर नावाचा दगड नव्हता. रॉकवाल्यांनी त्यांच्या हॉल ऑफ फेममध्ये घेतलं ते २०१८ साली. ते माहीत असूनही सांगतेय, उतरवू नकोस.

काल माळ्यावरून माझी खाली काढली. खोका उंदरांनी कुरतडलाय, मान ठीक आहे, सहातल्या दोनच तारा शिल्लक, त्याही गंजलेल्या. शनिवारी प्रॅक्टिसला जाण्याआधी इकडे ये आणि येताना दहा नंबरच्या तारांचा एक सेट घेऊन ये. पैसे मी देईन. तारा चढवायला तू लागशील, मला आता चष्मा लावूनही खुंटीचं भोक दिसत नाही.

तुझी,
काकू