अष्टमीचा चंद्र आणि अरिस्टार्कसचे तीन अंश

प्रश्न (उदगीर): सूर्य मध्यभागी आहे हे कोपर्निकसच्या आधी ग्रीकांनी सांगितलं होतं म्हणे. तो ग्रंथ कुठे मिळेल? आपल्या आर्यभटाचंही तेच मत होतं ना?

उत्तर: ग्रंथ मिळणार नाही, तो टिकलाच नाही. सूर्य नि तारे स्थिर आहेत आणि पृथ्वी सूर्याभोवती फिरते, असं सामोस बेटावरच्या अरिस्टार्कसने (इ.स.पू. सुमारे ३१० ते २३०) मांडलं. विश्वात वाळूचे किती कण मावतील याचा हिशेब करताना आर्किमिडीजने ते नोंदवलं, म्हणून आपल्याला ठाऊक आहे. कोपर्निकसचा ग्रंथ १५४३चा.

आर्यभटाने (इ.स. ४९९) पृथ्वी स्वतःभोवती फिरते असं सांगितलं, नावेतल्या माणसाला काठ मागे जाताना दिसतो, हा दाखला त्याचाच. पण त्याच्या गणितात मध्यभागी पृथ्वीच आहे. या दोन गतींची गल्लत नेहमी होते, ती करू नये.

प्रश्न (अंबाजोगाई): अर्धा चंद्र असताना सूर्य आणि चंद्र यांच्यातला कोन अरिस्टार्कसने ८७ अंश धरला. शाळेच्या गच्चीवरून तो मोजता येईल का?

उत्तर: येईल, आणि जरूर मोजा. चंद्र बरोबर अर्धा दिसतो तेव्हा पृथ्वी, चंद्र, सूर्य या त्रिकोणात चंद्रापाशी काटकोन असतो. पृथ्वीपाशचा कोन कळला की अंतरांचं गुणोत्तर निघतं. ८७ अंशांवरून सूर्य चंद्राच्या १८ ते २० पट दूर ठरला. खरा कोन सुमारे ८९ अंश ५१ कला (एक कला म्हणजे अंशाचा साठावा भाग), म्हणजे जवळपास ३९० पट. पद्धत चोख होती, घात मोजमापाने केला.

६५ सेंटिमीटर चौरस प्लायवूड घ्या. कोपऱ्यात दोन्ही कडांपासून ५ सेंटिमीटर आत बारीक खिळा ठोका. त्याभोवती ५७.३ सेंटिमीटर त्रिज्येचा कंस काढा. या कंसावर १ सेंटिमीटर म्हणजे १ अंश. शून्यावर पेन्सिलीचा तुकडा उभा चिकटवा. तिथे खिळा चालत नाही: सूर्यबिंब अर्ध्या अंशाचं असल्याने बारीक खिळ्याची सावली एवढ्या अंतरावर विरून जाते. पेन्सिलीची सावली कोपऱ्यातल्या खिळ्यावर येईल आणि त्याच वेळी चंद्रही फळीच्या पातळीत राहील, अशी फळी तिरकी धरा. दुसऱ्याने कोपऱ्यातल्या खिळ्यामागून चंद्राकडे पाहत कंसावर खूण करावी. दोन्ही कामं एकदमच व्हायला हवीत, कारण आकाश चार मिनिटांत एक अंश सरकतं. सूर्याकडे थेट कुणीही पाहायचं नाही.

वेळ पंचांगातून काढा. शुद्ध अष्टमी म्हणजे चंद्र सूर्यापासून ८४ ते ९६ अंश पुढे, तेव्हा ९० अंश साधारण तिथीच्या मध्यावर येतात. तो मध्य दुपारी चार ते सहाच्या दरम्यान पडेल असा महिना निवडा. पावसाळा सोडा. फाल्गुनात हा चंद्र सूर्यास्ताच्या सुमारास आपल्याकडे जवळजवळ डोक्यावर असतो, त्यामुळे लंबनाची (पाहण्याची जागा बदलल्याने वस्तू सरकलेली दिसते, त्याची) चूक कमी होते. सूर्य क्षितिजाला टेकेपर्यंत मात्र थांबू नका. तिथे वातावरण त्याला अर्धा अंश वर उचलून दाखवतं. तासभर आधी मोजा.

खरी अडचण कोनाची नाहीच. चंद्र बरोबर अर्धा कधी झाला, हे डोळ्याला ठरवता येत नाही. सूर्य आणि चंद्र यांच्यातलं अंतर तासाला सुमारे अर्धा अंश वाढतं. अरिस्टार्कसचे ३ अंश (९० उणे ८७) म्हणजे सहा तास; प्रत्यक्षातला फरक ९ कला, म्हणजे जेमतेम १८ मिनिटं. फळीवर दीड मिलिमीटर! उजेड-अंधाराची सीमाही चंद्रावरच्या डोंगरांमुळे दातेरी असते. तुमचं उत्तर ८८ आलं काय किंवा ९१ आलं काय, वहीत तसंच लिहा.

आणि ८७ला कमी लेखू नका. त्या चुकीच्या आकड्यावरूनही सूर्याचा व्यास पृथ्वीच्या सहा-सात पट निघाला. एवढा मोठा गोळा लहान गोळ्याभोवती कशाला फिरेल, हा विचार त्यातूनच सुचला असावा, असा तर्क अभ्यासक करतात. आम्हालाही तो पटतो.

प्रश्न (जिंतूर): मग लोकांनी ते मानलं का नाही?

उत्तर: आक्षेप रास्त होता. एसटीतून जाताना जवळची बाभळ दूरच्या डोंगरासमोरून सरकते. पृथ्वी फिरत असेल तर जवळचे तारेही वर्षभरात तसे सरकायला हवेत, आणि ते सरकताना दिसत नव्हते. तारे अतोनात दूर आहेत, हे अरिस्टार्कसचं उत्तर बरोबर होतं. पुरावा मात्र १८३८ साली जर्मन खगोलशास्त्रज्ञ बेसेलने दिला. हंस तारकासमूहातल्या ६१ क्रमांकाच्या ताऱ्याचं लंबन त्याने सुमारे ०.३१ विकला (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) मोजलं. वरच्या फळीवर ते मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहूनही कमी भरेल.