मेसिएच्या यादीतल्या दीर्घिका नक्की कोणी शोधल्या?

प्रश्न : दुर्बीण नवीनच घेतलीय. मेसिएच्या यादीतल्या दीर्घिका मेसिएनेच शोधल्या असं मी धरून चाललो होतो, पण मोबाइलवरच्या ॲपमध्ये एम ८१ पुढे बोडे असं नाव येतं. हे काय आहे? (एक वाचक, नाशिक)

ॲप बरोबर सांगतंय. एम म्हणजे मेसिए, पुढचा आकडा त्याच्या यादीतला क्रमांक. यादी मेसिएची, पण त्यातला सगळा शोध त्याचा नाही, आणि तसा दावा त्याने केलेलाही नाही, दुसऱ्याकडून कळलेल्या कितीतरी नोंदींत तो त्या माणसाचं नाव सरळ लिहितो.

शार्ल मेसिए हा पॅरिसचा, त्याला वेड धूमकेतूंचं. धूमकेतू शोधताना असे धूसर डाग मधे यायचे जे दिसायला तसेच पण जागचे हलत नाहीत, त्यांच्यामुळे फसगत नको म्हणून त्याने यादी करायला घेतली. १७७४ मध्ये छापली तेव्हा ४५ नोंदी होत्या, १७८१ मध्ये १०३ झाल्या, आणि आज आपण ११० म्हणतो ते विसाव्या शतकात इतरांनी भर घातली म्हणून. यातल्या ४० दीर्घिका.

आता बोडेचं. योहान बोडे बर्लिनचा, ३१ डिसेंबर १७७४ च्या रात्री त्याला सप्तर्षीत एम ८१ आणि एम ८२ दोन्ही एकदम सापडल्या. मेसिएच्या यादीत त्या आल्या १७८१ मध्ये.

१७७९ चा वसंत तर भन्नाटच होता. एक धूमकेतू कन्या राशीतून चालला होता आणि युरोपभरचे लोक त्याच्या मागे लागले होते, तर ड्रेस्डेनच्या कोहलरला ११ एप्रिलला एम ५९ आणि एम ६० दिसल्या, मिलानच्या ओरियानीला ५ मे रोजी एम ६१ दिसली. मेसिएनेही एम ६१ त्याच दिवशी पाहिली होती, पण हाच धूमकेतू असं समजून बसला आणि ११ मे उजाडेपर्यंत त्याला पत्ता लागला नाही. ज्या फसगतीसाठी यादी केली तीच त्याची झाली! त्याच वर्षी २३ मार्चला इंग्लंडच्या एडवर्ड पिगॉटला एम ६४ सापडली होती, बाराच दिवसांनी बोडेला ती स्वतंत्रपणे दिसली, आणि पुढे कितीतरी वर्षं श्रेय बोडेलाच मिळत राहिलं, पिगॉटचं नाव कोणी घेईना.

पण मला विचाराल तर यात सगळ्यात जास्त अन्याय झालाय पिएर मेशँवर. एम ६३, एम ७४, एम ७७, एम १०१, एम १०४ धरून डझनभरापेक्षा जास्त दीर्घिका त्याच्या, आणि शाळेच्या पुस्तकात नाव नाही. पुढे मीटरची लांबी ठरवायला जी मोठी मोजणी झाली तिच्यात तो होता आणि त्याच कामात १८०४ मध्ये स्पेनमध्ये पिवळ्या तापाने गेला.

आणि एक, हे डाग म्हणजे आपल्या आकाशगंगेबाहेरच्या दीर्घिका आहेत हे यांच्यातल्या कोणालाच माहीत नव्हतं. ते पक्कं व्हायला १९२३ उजाडलं, खगोलशास्त्रज्ञ हबलला अमेरिकेतल्या माउंट विल्सन वेधशाळेतून देवयानी दीर्घिकेत रूपविकारी (तेज कमीजास्त होणारा) तारा सापडला आणि अंतराचा हिशेब लागला तेव्हा.

प्रश्न : एम ३२ शोधणारा ले जाँतील म्हणजे भारतात आलेला तोच का? (एक वाचक, कोल्हापूर)

हो, तोच! २९ ऑक्टोबर १७४९ ला त्याने देवयानी दीर्घिकेला चिकटून असलेली ही छोटी दीर्घिका पाहिली, वय २४. नंतर १७६१ चं शुक्राचं अधिक्रमण (शुक्र सूर्यबिंबावरून सरकताना दिसतो ते) पाहायला तो पाँडिचेरीला निघाला, पण फ्रेंच-इंग्रज युद्ध चालू, शहर इंग्रजांकडे गेलेलं, त्यामुळे अधिक्रमणाच्या दिवशी हा भर समुद्रात, डुलत्या जहाजावरून मोजमाप कसलं घेणार. मग गडी परत गेलाच नाही, पुढचं अधिक्रमण १७६९ चं म्हणून आठ वर्षं इकडेच थांबला, मनिलाला जाऊन आला, पाँडिचेरीत वेधशाळा उभी केली, आणि नेमक्या त्या सकाळी ढग. मनिलात मात्र आभाळ स्वच्छ होतं. १७७१ मध्ये घरी पोचला तर मेला समजून वारसांनी इस्टेट वाटायला घेतलेली आणि फ्रेंच विज्ञान अकादमीतली जागाही गेलेली. लोकांना एवढंच आठवतं, म्हणून मुद्दाम सांगतो की एम ३२ शोधणारा पहिला माणूस हाच.

देवयानीची दुसरी सोबतीण एम ११०. ती मेसिएने १७७३ मध्ये पाहिली, चित्रातही काढली, पण यादीत घेतली नाही. १७८३ मध्ये कॅरोलिन हर्शेलला ती स्वतःहून सापडली. खुद्द देवयानी दीर्घिकेचा शोध मेसिएने जर्मन खगोलशास्त्रज्ञ सिमोन मारियसच्या नावावर टाकलाय, १६१२ चा म्हणून. पर्शियन खगोलशास्त्रज्ञ अल-सूफीने तर ९६४ मध्येच तिची ‘छोटा ढग’ म्हणून नोंद केली होती.

प्रश्न : एम १०२ मला सापडतच नाही. (एक वाचक, ठाणे)

तुमचा दोष नाही. मेशँने १७८३ मध्ये पत्र लिहून कळवलं की ती चुकून दुसऱ्यांदा नोंदलेली एम १०१ च आहे. काहीजण त्या जागी कालेय तारकासमूहातली एनजीसी ५८६६ (एनजीसी ही नंतरची दुसरी मोठी यादी) धरतात, ती धरली तरच ४० दीर्घिका होतात.

प्रश्न : आपल्याकडून चांगली दिसते पण युरोपातून नाही अशी एखादी आहे का यात? (एक वाचक, सांगली)

एम ८३. ही फ्रान्समधून सापडलेलीच नाही, लाकाय नावाचा फ्रेंच माणूस आफ्रिकेच्या दक्षिण टोकाला केप ऑफ गुड होपला गेला होता, त्याने १७५२ मध्ये तिथून पाहिली. मेसिएला पॅरिसमधून ती क्षितिजाच्या वर जेमतेम अकरा-बारा अंश मिळायची, त्याने लिहून ठेवलंय की फार लक्ष देऊन पाहिलं तरच दिसते आणि दुर्बिणीतल्या मोजमापाच्या बारीक धातूच्या तारा दिसाव्यात म्हणून जरासा उजेड केला की गायब होते. सांगलीतून ती चाळीस अंशांच्या वर येते, म्हणजे त्याच्यापेक्षा कितीतरी सुखात बघाल. मेच्या मध्याच्या आसपासची अमावस्या धरा, रात्री साडेदहाच्या सुमाराला चित्रा तारा दक्षिणेला सगळ्यात उंच आली की तिथून सरळ खाली साधारण १९ अंश उतरा (हात लांब करून पंजा ताणला की अंगठ्यापासून करंगळीपर्यंत अंदाजे तेवढं) आणि किंचित डावीकडे सरका. आधी कमी पॉवरची आयपीस लावा, आणि गावातल्या लाइटांपासून लांब जा.