एकदाच भेटून समजावून सांगू का, मॅडम?

लातूरच्या माझ्या समुपदेशनाच्या खोलीत या वाक्याने सुरू झालेली प्रकरणं मी मोजायची सोडून दिली आहेत. विचारणारी कधी नर्सिंगला असलेली पोरगी असते, कधी पतपेढीत कामाला जाणारी दोन लेकरांची आई. एकदा तर जिल्हा परिषद शाळेतले एक गुरुजी होते, आणि त्यांच्या मागे लागली होती एक बाई. कुणीतरी हात धुऊन मागे लागलंय, नको म्हटलं तरी ऐकत नाही. तर एकदा शांतपणे समोर बसून समजावलं तर सुटका होईल का, एवढंच सगळ्यांना विचारायचं असतं.

सविता (नाव अर्थात वेगळं, आणि ओळखू येतील असे बाकीचे तपशीलही बदललेत) आली ती आईसोबत. रेणापूर तालुक्यातलं गाव, वय पंचवीस, लातूरला खोली करून राहायची. सकाळी सातला अभ्यासिकेत बसली की रात्री नऊला उठायची, तलाठी भरतीची तयारी. उन्हाळ्यात कुंकू लागलं होतं, दिवाळीनंतरची तारीख धरायची बोलणी चालली होती. मधल्या दोन महिन्यांत होणाऱ्या नवऱ्याने आधी फोनचा पासवर्ड मागितला, मग अभ्यासिकेत शेजारच्या खुर्चीवर कोण बसतं त्याचा फोटो. सविताने वडिलांना सांगितलं, "मला हे नको." वडिलांनी कुंकू मोडलं. चारशे माणसं जेवून गेलेली असताना बापाने पोरीच्या एका शब्दावर सोयरीक मोडणं आमच्याकडे अजून रोजचं नाही. हे मुद्दाम लिहितेय, कारण पुढचं सगळं त्या एका आधारावर उभं राहिलं.

आई म्हणाली, "मॅडम, पोरगं तसं वाईट न्हाई. पण सारखं फोन करायलंय. हिनंच एकदा गोड बोलून सांगितलं तर शांत होईल की."

सविताने फोन माझ्यापुढे धरला. तिने त्याला सगळीकडे ब्लॉक केलं होतं, त्यामुळे त्याने पैसे पाठवायची वाट धरली होती. यूपीआयवरून एकेक रुपया, आणि सोबत दोन ओळींचा निरोप लिहायची सोय असते ना, तिथे मजकूर. एका रात्रीतले चार मी उतरून घेतले. 11:10 ला, 'बोल ना.' 11:40 ला, 'आईची शपथ, शेवटचं.' 12:25 ला, 'तुझ्या बापाला गावात तोंड दाखवायचंय का नाही?' 1:05 ला, 'सॉरी. रागात बोललो.'

दोन तासांत विनवणी, शपथ, धमकी, माफी. घरचे यातला फक्त शेवटचा निरोप वाचतात आणि म्हणतात, बघा, पोरगं मनाने चांगलं आहे. मला चारही एकत्र वाचावे लागतात. नातं तुटलेल्या माणसाच्या पाठलागाची हीच खूण असते: त्याला ती परतही हवी असते आणि तिचा सूडही घ्यायचा असतो. त्यातलं आत्ता काय वर आहे ते त्याचं त्यालाही ठाऊक नसतं. दोन्हींच्या तळाशी असतो अपमान. गावात पारावर रोज कुणीतरी विचारणार, "काय झालं रं लग्नाचं?" पाठलाग चालू आहे तोवर त्याच्या लेखी सोयरीक संपलेली नाही. फोन बंद केला तर उत्तर द्यावं लागेल, म्हणून फोन बंद होत नाही. वर्तमानपत्रं असल्या बातमीला 'एकतर्फी प्रेमातून' असं लिहितात, त्याची मला फार चीड येते. या चार निरोपांत प्रेम कुठे आहे ते कुणी दाखवावं.

आता तिचं 'समजावणं'. ते तिने आधीच एकदा करून पाहिलं होतं. एके दिवशी एकेचाळीस मिस्ड कॉल आले. बेचाळिसावा तिने उचलला, वीस मिनिटं रडून, हात जोडून समजावलं. तो "बरं" म्हणाला. दुसऱ्या दिवशी साठ कॉल.

तिला हे कळतच नव्हतं. मी विचारलं, "गावात मटका लावणारं कुणी आहे?" ती हसली, म्हणाली, चुलते. "रोज लागतो का त्यांचा आकडा?" नाही. "मग रोज का लावतात?" कधीतरी लागतो म्हणून. रोज लागला असता तर त्यांना त्याची किंमत उरली नसती, कधीच लागला नसता तर महिन्याभरात सुटला असता. कधीतरी लागतो, म्हणून सुटत नाही. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ स्किनरने कबुतरांवर आणि उंदरांवर प्रयोग करून हे दाखवलं होतं: बक्षीस अधूनमधून, कधी मिळेल याचा नेम नसताना मिळालं, तर सवय सगळ्यात चिवट होते. बेचाळिसाव्या कॉलला आवाज ऐकू आला, त्यातून तो काय शिकला? एकेचाळीसला थांबायचं नसतं. तू काय बोललीस, रडलीस की शिव्या दिल्यास, याला त्याच्या हिशेबात फारशी किंमत नाही. बोललीस, बस.

हे मी इतक्या ठामपणे सांगते कारण याची किंमत एका दुसऱ्या मुलीने मोजलेली आहे. नवी असताना मीच एकीला सांगितलं होतं, चार लोकांत, एखाद्या हॉटेलात बसून शेवटचं बोलून घे. ती भेटली. तो शांतपणे ऐकून गेला. पुढचे अकरा महिने त्याच्याकडे प्रत्येक आठवड्याला 'त्या दिवशीचं राहिलेलं एक बोलणं' होतं. तिचं शेवटचं वर्ष वाया गेलं. तो सल्ला माझा होता.

पण मागे लागणारे सगळे एका जातीचे नसतात, आणि एकाचं औषध दुसऱ्याला विष होतं. ऑस्ट्रेलियात पॉल मलन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1999 साली 145 पाठलाग करणाऱ्यांचा अभ्यास करून पाच प्रकार मांडले. सविताचा माणूस त्यातला पहिला, नाकारला गेलेला. पूर्वीचा नवरा, मित्र, मोडलेल्या सोयरिकीतला मुलगा असे यात येतात, आणि धमकीवरून हाणामारीवर येण्याचा धोका ज्यांच्यात जास्त, तेही हेच. 'ओळखीचा आहे, काय करणार' असं म्हणून घरचे ज्याला सोडून देतात तो बहुतेक वेळा हाच असतो.

त्याच्या उलट, ज्याला कसं बोलावं तेच कळत नाही असा एक प्रकार. त्याच अभ्यासिकेत एक पोरगा दुसऱ्या एका मुलीच्या टेबलावर रोज शेंगदाण्याची चिक्की ठेवायचा. ती नको म्हणाली तरी ठेवायचा. अभ्यासिकेच्या मालकाने बाजूला घेऊन एकदा दम दिला, आणि ते तिथेच संपलं. असे लवकर थांबतात. फक्त काही दिवसांनी दुसऱ्या कुणाच्या टेबलावर चिक्की दिसते.

दम देऊन अजिबात उपयोग नसलेला प्रकारही मी पाहिलाय. एक मधल्या वयाचा कारकून, एका शिक्षिकेचं आपल्यावर प्रेम आहे अशी त्याची पक्की खात्री. दोघांत कधी धड चार वाक्यं झाली नव्हती. ती हिरवी साडी नेसून आली की तो निरोप समजायचा. तिने तक्रार केली तर 'घरच्यांच्या दबावाखाली केली' म्हणायचा. फ्रेंच मनोविकारतज्ज्ञ क्लेरांबो यांनी 1921 मध्ये या भ्रमाचं सविस्तर वर्णन केलं, त्यांच्याच नावाने तो ओळखला जातो. इथे नुसत्या पोलिसांनी भागत नाही. मनोविकारतज्ज्ञ आणि गोळ्या लागतात, आणि ते घरच्यांच्या गळी उतरवायलाच दोन महिने जातात.

राग धरून छळणारा वेगळा. त्याला तुम्ही नको असता, तुम्ही घाबरलेले हवे असता. बांधावरून भांडण झालेल्या एका विधवा बाईला रात्री-अपरात्री नुसता श्वास ऐकवणारे फोन यायचे. करणारा चुलत दीर निघाला. आणि पाचवा, टपून बसणारा. तो ना फोन करतो ना चिठ्ठ्या लिहितो, फक्त तुमची येण्याजाण्याची वेळ पाठ करतो. संख्येने थोडे, पण असा संशय जरी आला तरी माझ्याकडे यायच्या आधी पोलिसांकडे जा.

सविताच्या मामांचं म्हणणं होतं, चार माणसं बसवू, बैठकीत मिटवू. भावाचं म्हणणं, हातपाय मोडू. दोन्हींना मी नाही म्हटलं. बैठक म्हणजे त्याला हवी असलेली भेट, तीही पंचांसमोर, चहापाण्यासकट. आणि मार खाल्ला की नाकारलेल्याच्या जागी अपमानाचा बदला घेणारा उभा राहतो, शिवाय गुन्हा भावावर.

मग आम्ही निरोप लिहायला बसलो. एकच, लेखी. तिचा पहिला मसुदा पाऊण पानाचा होता: 'तू चांगला आहेस, पण आपले विचार जुळत नाहीत, सध्या मला परीक्षेवर लक्ष द्यायचं आहे, मला माफ कर.' मी पेन्सिल दिली, म्हटलं यातलं ज्याला तो उत्तर देऊ शकेल ते खोड. 'सध्या' गेलं, कारण मग परीक्षा झाल्यावर. 'विचार जुळत नाहीत' गेलं, कारण मी बदलतो. 'चांगला आहेस' तर गेलंच. माफी खोडताना तिचा हात थांबला. म्हणाली, "उद्धट वाटंल." मी म्हटलं, वाटू दे. शेवटी उरलं ते एवढं: 'मला तुझ्याशी कोणताही संबंध ठेवायचा नाही. यापुढे फोन, मेसेज, भेट किंवा दुसऱ्याकरवी संपर्क करू नकोस.' तारीख घालून पाठवलं, स्क्रीनशॉट ठेवला.

याचा कायद्यातही उपयोग आहे. 2013 मध्ये पाठलाग हा स्वतंत्र गुन्हा झाला, भारतीय दंड संहितेचं कलम 354 ड. 1 जुलै 2024 पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम 78 मध्ये आहे. स्त्रीने नको असल्याचं स्पष्ट दाखवूनही पुरुषाने पुन्हा पुन्हा संपर्क करणं, किंवा तिच्या इंटरनेटच्या वापरावर पाळत ठेवणं, हा गुन्हा. पहिल्यांदा तीन वर्षांपर्यंत शिक्षा, पुन्हा केला तर पाच. पहिल्या वेळी तो जामीनपात्र आहे, म्हणजे संध्याकाळी तो घरी परत आलेला असू शकतो. त्या रात्री कुठे राहायचं ते आधी ठरवून ठेवावं लागतं. मुलगी अठराच्या आतली असेल तर पोक्सो, म्हणजे बालकांच्या लैंगिक छळाविरुद्धचा कायदा, लागतो. आणि हो, पाठलाग पुरुषाचा होत असेल तर कलम 78 लागत नाही. गुरुजींसाठी आम्हाला धमकीची, बदनामीची वेगळी कलमं शोधावी लागली.

जुनं सिम भावाच्या एका साध्या स्मार्टफोनमध्ये गेलं, पैशांचं अॅपही तिथेच. सविताला नवा नंबर. सगळंच बंद केलं असतं तर धमकी वाढलेली कळली नसती, आणि तिनेच वाचत बसावं असंही नको होतं. हातपाय मोडायला निघालेल्या भावाला काम मिळालं: दोनशे पानी वहीत तारीख, वेळ, नंबर, मजकूर, काही पुसायचं नाही. अभ्यासिकेच्या मालकाला त्याचा फोटो दाखवला. शनिवारी गावी जाताना रोजची एसटी सोडून दुसरी धरायची, स्टँडवर वडील थांबायचे.

मी आधीच सांगितलं होतं, गप्प बसलीस की आधी वाढेल. वाढलं. आकडा लागायचा थांबला की मटकेवाला काही दिवस दुपटीने लावतो. तिसऱ्या आठवड्यात, 'मी फाशी घेतो, चिठ्ठीत तुझं नाव.' सविताच्या आईने तेव्हा माझ्यापुढे पदराने डोळे पुसले, "लेकराचं काही झालं तर?" ही भीती खोटी नाही, आणि तिला हसण्यावारी नेऊ नये. पण तिथे धावून जायचं काम सविताचं नव्हतं. भावाने 112 ला फोन केला. मामांनी त्याच्या थोरल्या भावाला कळवलं आणि 14416, टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर, दिला. तिथे चोवीस तास माणूस बोलायला असतो. थोरला भाऊ त्याला तज्ज्ञाकडे घेऊन गेला म्हणतात. दोन दिवसांनी अभ्यासिकेच्या जिन्याखाली तो उभा दिसला. त्याच संध्याकाळी वही, स्क्रीनशॉट आणि ते दोन ओळींचं पत्र घेऊन बापलेक पोलीस ठाण्यात गेले. ठाण्यातल्या साहेबांनी आधी "समज देऊन सोडू का?" असं विचारलं. वडिलांनी वही पुढे सरकवली. गुन्हा नोंदला गेला. पोलिसांच्या दामिनी पथकाच्या ताई पुढचे काही दिवस अभ्यासिकेकडे चक्कर मारून जायच्या.

त्यानंतर दोन निरोप आले, मग बंद.

चार महिन्यांनी सविता एकटीच आली. परीक्षा झाली होती, पेपर बरा गेला होता. उठताना दारात थांबून म्हणाली, "मॅडम, एक विचारू? त्याचे एकेक करून तेवीस रुपये जमलेत माझ्या खात्यात. कुणाचे पैसे ठेवायचं जिवाला लागतंय. परत पाठवू का?"

"पाठवलेस की त्याला काय मिळेल?"

ती जराशी थांबली. मग चप्पल घालता घालता म्हणाली, "उत्तर."

तेवीस रुपये तिच्या खात्यातच आहेत.