आपल्याला जग जसं आहे तसंच दिसतं, की मेंदू ते रचून दाखवतो?

मी डॉक्टर नाही. पण तुमच्या या प्रश्नाचं उत्तर मला घरातच मिळालं, आईच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर.

उजव्या डोळ्याची पट्टी निघाली त्या दिवशी ती देवघरासमोर बसली आणि म्हणाली, "अगं, तगर एवढी पांढरी असते?" मग आळीपाळीनं एकेक डोळा मिटून बघत राहिली. उजव्या डोळ्याला फूल पांढरंशुभ्र, थोडं निळसरच. डाव्याला तेच फूल चहाचा डाग पडलेल्या फडक्यासारखं. वाटीतलं दही, भिंत, माझी ओढणी, सगळं तिनं असं तपासलं.

वयानुसार डोळ्यातलं भिंग पिवळं पडत जातं आणि निळा-जांभळा प्रकाश अडवायला लागतं. पण हे वर्षानुवर्षं इतकं सावकाश होतं की मेंदू आजूबाजूच्या रंगांशी तुलना करून पांढऱ्याला पांढरंच म्हणत राहतो. सुईत दोरा ओवता येत नाही ही आईची तक्रार होती, रंगांबद्दल एक शब्द नाही. दोन डोळे दोन साक्षी द्यायला लागले तेव्हा कुठे फरक कळला. तो निळसरपणाही काही आठवड्यांत ओसरला.

चित्रकार क्लोद मोने यांचं हेच ऑपरेशन १९२३ साली, ८२व्या वर्षी झालं. त्यांनाही नंतर निळा रंग फार वाटायचा.

तुम्हाला स्वतः बघायचं असेल तर रेघी वहीच्या पानावर डावीकडे फुली आणि उजवीकडे आठ सेंटिमीटरवर ठसठशीत ठिपका काढा. डावा डोळा मिटा, नजर फुलीवर ठेवा, पान हळूहळू जवळ आणा. साधारण फूटभर अंतरावर ठिपका नाहीसा होतो, कारण डोळ्याच्या पडद्यावर जिथून नस बाहेर पडते तिथे प्रकाश टिपणाऱ्या पेशीच नसतात. पण तिथे भोक दिसत नाही! वहीच्या रेघा सलग दिसतात. त्या मेंदूनं ओढलेल्या असतात.

म्हणून "सगळा भास आहे" असं कोणी म्हटलं की मला पटत नाही. तगर खरीच होती. तिचा रंग मात्र आईला भिंग आणि मेंदू यांच्यामार्फत मिळत होता.

डाव्या डोळ्याच्या ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी ती पुन्हा उजवा डोळा मिटून फुलं बघत होती. विचारलं तर म्हणाली, "इतकी वर्षं मला असं दिसायचं. उद्यापासून नाही दिसणार."