मिनिटाला एक दिवस, त्याहून वेगाने नाही

"मुलाने फोन उचलला नाही की माझे मन क्षणात नको तिथे जाऊन पोहोचते. त्याला आवरू कसे?" हा प्रश्न माझ्याकडे येणाऱ्या अनेक आया विचारतात. त्यांपैकी गोव्यातील फोंडा तालुक्यातल्या एका बाईंचा अनुभव येथे सांगते. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत. यजमान मालवाहू बोटीवर आणि एकुलता एक मुलगा नोकरीनिमित्त बेंगळुरूला. रात्री नऊचा फोन चुकला की सव्वानऊपर्यंत अपघात, इस्पितळ आणि वीस वर्षांनंतर रिकाम्या घरात एकट्याने काढायचे म्हातारपण, असा सगळा प्रवास त्यांच्या मनाने उरकलेला असे. मुलगा बहुधा जेवायला बसलेला असे.

घरच्यांनी "विचार करू नको" असे सांगून पाहिले होते. हा सल्ला मला कधीच पटलेला नाही, कारण उद्याचे चित्र रंगवण्याची शक्ती आणि गतकाळ आठवण्याची शक्ती एकमेकींत गुंतलेल्या आहेत. मानसशास्त्रज्ञ एंडेल टुल्विंग यांनी अभ्यासलेल्या, 'के. सी.' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कॅनडातील रुग्णाने १९८१ च्या मोटारसायकल अपघातानंतर स्वतःच्या आयुष्यातील प्रसंगांची आठवण गमावली, आणि "उद्या काय करणार?" या प्रश्नालाही त्याच्यापाशी उत्तर उरले नाही.

म्हणून मी बाईंना मनाई केली नाही, वेगमर्यादा घातली. मनाने पुढे जरूर जावे; मात्र मिनिटाला एकच दिवस, आणि मधला एकही दिवस गाळायचा नाही. ही मर्यादा अर्थातच माझ्या कल्पनेतली. चिंतेसाठी रोज अर्धा तास राखून ठेवण्याची पद्धत मात्र मानसशास्त्रज्ञ थॉमस बोर्कोवेक व सहकाऱ्यांनी १९८३ मध्ये मांडलेली असून ती आजही वापरली जाते. दोन्ही जोडल्या, तर मन एका बैठकीत फार तर महिनाभर पुढे पोहोचते.

बाईंनी माझ्यासमोरच मोठ्याने सुरुवात केली. मंगळवारी गॅसचा सिलिंडर, बुधवारी नणंद येणार. मध्येच त्यांनी आठवडाभराची उडी मारली, तेव्हा मी त्यांना गाळलेल्या गुरुवारी परत आणले. तासनतास नव्हे, पंचविसेक मिनिटांत चतुर्थी आली आणि त्यांचा आवाजच बदलला: यजमान नाहीत तर माटोळी (गणपतीच्या वर टांगायची फळापानांची चौकट) कोण बांधणार, तिच्यासाठीची कांगलां ही रानफळे दीर आणतील की बाजारातूनच घ्यावी लागतील, मुलाला सुट्टी कधीपासून. एकाकी म्हातारपणाच्या चित्रात त्या दिवशी वार कोणता, घरात दिवा कोणी लावला, हे त्यांना सांगता आले नव्हते. माटोळीच्या बाजारात मात्र दराची घासाघीसही होती. माझ्या मते चिंता आणि नियोजन यांतला फरक इथेच दिसतो.

राखीव अर्धा तास आम्ही दिवेलागणीनंतरचा ठरवला, झोपेच्या तोंडावरचा नाही. फोन चुकला तर चिंता वहीत एका ओळीत लिहून दुसऱ्या संध्याकाळसाठी ठेवायची. तोपर्यंत मुलाचा फोन बहुतेक वेळा येऊन गेलेला असे. बाईंचे मन अजूनही उडी मारते, पण कोणता दिवस गाळला ते आता त्यांचे त्याच ओळखतात.

झोप कित्येक आठवडे उडाली असेल, जेवण तुटले असेल किंवा जीव नकोसा वाटत असेल, तर हा उपाय करत बसू नये. बांबोळी येथील मनोविकार इस्पितळात दाखवावे, अथवा टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी मदतवाहिनीच्या १४४१६ या क्रमांकावर लगेच बोलावे.